शशिकलाताई काकोडकर : पित्याचें आसन आणि कन्येचा निर्णय

राजकारणांतील घराण्यांचा विषय निघाला कीं आपल्या सुशिक्षित कुटुंबांतून नाकें मुरडलीं जातात. तें सर्वस्वीं अन्यायाचें आहे असें आम्ही म्हणत नाहीं. परंतु वैद्याचा मुलगा वैद्य झाला म्हणजे आपण त्याचें कौतुक करितों. तेव्हां बापाचें आसन मिळालें एवढ्यावरूनच निकाल न देतां, त्या आसनावर बसून काय केलें हें पाहणें न्यायाचें होय. गोमंतकाच्या माजी मुख्यमंत्री कै. शशिकलाताई काकोडकर यांचें चरित्र या दृष्टीनें विचार करण्यासारखें आहे.

ताईंचा जन्म 1935 सालचा. वडील दयानंद ऊर्फ भाऊसाहेब बांदोडकर हे खाणमालक. 19 डिसेंबर 1961 रोजीं पोर्तुगीज अंमल संपला आणि दोन वर्षांनीं भाऊसाहेब महाराष्ट्रवादी गोमंतक पक्षाच्या बळावर गोव्याचे पहिले मुख्यमंत्री झाले. गोवा महाराष्ट्रांत विलीन व्हावा हें त्यांचें ध्येय. तें सिद्धीस गेलें नाहीं. 16 जानेवारी 1967 च्या जनमत कौलांत विलीनीकरणाच्या बाजूनें 1,38,170 व विरुद्ध 1,72,191 मतें पडलीं. तरीही पुढल्या निवडणुकींत लोकांनीं सत्ता त्यांच्याच हातीं दिली. खेडोपाडीं मराठी प्राथमिक शाळा निघाल्या, आणि ज्या घरांत कधीं अक्षर शिरलें नव्हतें तेथील मुलें पाटी घेऊन बसूं लागलीं. आमच्या मतें भाऊसाहेबांचें खरें स्मारक तें!

ताई 1967 सालीं विधानसभेंत आल्या, 1972 सालीं वडिलांच्याच मंत्रिमंडळांत राज्यमंत्री झाल्या. 12 ऑगस्ट 1973 रोजीं भाऊसाहेब निवर्तले आणि मुख्यमंत्रिपद कन्येकडे आलें. वय अवघें अडतीस. भारतांत त्यांच्यापूर्वीं सुचेता कृपलानी व नंदिनी सत्पथी या दोघीच स्त्रिया त्या पदावर बसल्या होत्या. वडिलांचें नांव पाठीशीं नसतें तर त्या वयांत हें पद मिळालें नसतें, हें उघड आहे. परंतु 1976 सालीं कूळ कायद्यांत पांचवी दुरुस्ती करून कसणाऱ्या कुळांस जमिनीची मालकी देण्याचें धाडस ताईंचें स्वतःचें. भाटकारांच्या घरांत (आमच्या वाचकांपैकीं कोणाचें आजोळ तसें असेल) त्यांचें नांव गोडीनें घेतलें गेलें नसल्यास नवल नाहीं.

1977 ची निवडणूक त्यांनीं जिंकली; 1979 च्या एप्रिलांत पक्षाचे तीन आमदार फुटले आणि सरकार कोसळलें. 1980 सालीं तिसांपैकीं सातच जागा पदरांत पडल्या. त्यानंतर ताई काँग्रेसमध्यें गेल्या, बाहेर पडल्या, वडिलांच्या नांवाचा निराळा पक्ष काढून पाहिला, आणि अखेर मूळ पक्षांत परतल्या. हा भाग आम्हांस भूषणावह वाटत नाहीं.

मात्र 1990 सालीं संमिश्र मंत्रिमंडळांत त्या शिक्षणमंत्री झाल्या, तेव्हांचा निर्णय सगळ्यांत महत्त्वाचा. तीनच वर्षांपूर्वीं गोव्याची राजभाषा कोंकणी ठरली होती, आणि मराठी-कोंकणीचा कलह अद्याप निवला नव्हता. ताई तर मराठीच्या कट्टर अभिमानी. तरीही त्यांनीं ठरविलें तें असें कीं, प्राथमिक शाळेस सरकारी अनुदान हवें असेल तर शिक्षण मातृभाषेंतून, मग ती मराठी असो वा कोंकणी, दिलें पाहिजे. शिक्षकांचे पगार अनुदानावर चालतात. तें तुटलें कीं शाळेस विद्यार्थ्यांच्या फीवर जगावें लागतें. ख्रिस्ती धर्मसंस्थांच्या बहुतेक शाळांनीं इंग्रजी सोडून देवनागरी लिपींतील कोंकणी स्वीकारली. ज्या भाषेशीं आपला वाद, तिच्या शाळांसही समान मान देणें सोपें नसतें.

आईबापांचें म्हणणेंही आम्ही हलकें मानीत नाहीं. नोकरी इंग्रजीनें मिळते, मग मुलाला चौथीपर्यंत तीपासून दूर कां ठेवावें, असें ते विचारतात. पण आमचा अनुभव असा कीं, जें मूल घरच्या भाषेंत त्रैराशिक समजलें, तें पुढें तेंच इंग्रजींतून सहज मांडतें. इंग्रजींत घोकलेलें मात्र परीक्षेनंतर उडून जातें.

2011 सालीं तत्कालीन सरकारनें इंग्रजी प्राथमिक शाळांनाही अनुदान देऊं केलें. शहात्तर वर्षांच्या ताई पुन्हां बाहेर पडल्या आणि भारतीय भाषा सुरक्षा मंचाच्या आंदोलनांत मराठीवाल्यांबरोबर कोंकणीवालेही त्यांच्या शेजारीं उभे राहिले. 2012 सालीं सरकार बदललें, तरी त्या शाळांचें अनुदान चालूच राहिलें. 28 ऑक्टोबर 2016 रोजीं ताई निवर्तल्या, तेव्हां हा वाद मिटलेला नव्हता.