नटी ते वेशभूषाकार: सिंपल कपाडिया

सिंपल कपाडिया यांचा जन्म 15 ऑगस्ट 1958 रोजी मुंबईत एका गुजराती कुटुंबात झाला. थोरली बहीण डिंपल 1973 साली ‘बॉबी’मुळे एका रात्रीत प्रसिद्ध झाली आणि त्याच वर्षी राजेश खन्नांशी तिचे लग्न झाले. सिंपल पडद्यावर आल्या त्या 1977 च्या ‘अनुरोध’मधून, दिग्दर्शक शक्ती सामंत आणि नायक मेहुणे राजेश खन्नाच. एवढे पाठबळ असूनही नायिका म्हणून त्यांचा जम बसला नाही. ‘लूटमार’, ‘जीवन धारा’, ‘दुल्हा बिकता है’ अशा चित्रपटांत त्या दिसल्या, पण बहुतेक दुय्यम भूमिकांत. दहा वर्षांत त्यांची अभिनयाची वाटचाल थांबली.

1987 साली ‘इन्साफ’पासून त्या वेशभूषेकडे वळल्या, आणि खरी कारकीर्द इथे सुरू झाली. हे काम नुसते सुंदर कपडे शिवून घेण्याचे नसते. पात्राची ऐपत, वय, गाव, ऋतू हे सगळे कापडातून दिसावे लागते. चित्रीकरण कथेच्या क्रमाने होत नसल्याने कोणत्या दृश्यात कोणता पदर, कुठला डाग, किती विटलेला रंग, याचा हिशेबही ठेवावा लागतो. नवे कापड मुद्दाम धुऊन, घासून जुने करणे हाही या कामाचाच भाग.

असे काम ‘रुदाली’त जमले. महाश्वेतादेवींच्या बंगाली कथेवरचा हा चित्रपट कल्पना लाजमी यांनी राजस्थानात नेला. पैसे घेऊन दुसऱ्याच्या मयतावर रडणाऱ्या बायकांची ही गोष्ट. शनिचरीच्या भूमिकेत डिंपल होत्या. तिथे नटीचा तोरा दिसला असता तर सगळेच फसले असते. घागरा-ओढणी मळलेली, वापरलेली वाटायला हवी होती, आणि ती वाटली. 40 व्या राष्ट्रीय चित्रपट पुरस्कारांत डिंपल सर्वोत्कृष्ट अभिनेत्री ठरल्या. वेशभूषेचा पुरस्कार सिंपल आणि माला डे यांना मिळाला. गंमत म्हणजे दोनच वर्षे आधी कोल्हापूरच्या भानू अथैया यांना हाच पुरस्कार ‘लेकिन’साठी मिळाला होता. त्यातही राजस्थान होते आणि नायिका डिंपलच!

पुढे ‘बरसात’, ‘घातक’, ‘चाची 420’ अशा व्यावसायिक चित्रपटांचे कपडे त्यांनी केले. सनी देओल, तब्बू, अमृता सिंग, श्रीदेवी हे कलाकार त्यांच्याकडे येत. या कामांत ‘रुदाली’इतका कस लागला नाही, हेही खरे.

2006 मध्ये कर्करोगाचे निदान झाल्यावरही त्यांनी काम सोडले नाही. 10 नोव्हेंबर 2009 रोजी वयाच्या 51 व्या वर्षी मुंबईत त्यांचे निधन झाले.