महागाईच्या डाकिणीचे गाणे

भोपाळ शहरात चार इमली नावाची एक वसाहत आहे. इमली म्हणजे चिंच. तेव्हा आपण तिला 'चार चिंचा' म्हणावयास हरकत नाही. मंत्री व वरिष्ठ सरकारी अधिकारी यांची निवासस्थाने येथे आहेत. काही वर्षांपूर्वी एका परिचित मराठी कुटुंबाकडे आम्ही येथे दोन दिवस मुक्कामास होतो. सायंकाळी मागल्या दारच्या पायरीवर घरकाम करणाऱ्या बाई तांदूळ निवडीत बसल्या होत्या आणि हलक्या आवाजात काही गुणगुणत होत्या. त्या मूळच्या शेजारच्या रायसेन जिल्ह्यातील. गाणे आम्ही तत्काळ ओळखले. ते होते 'महंगाई डायन'.

वाचकहो, हे गाणे आपणांपैकी अनेकांनी ऐकले असेल. २०१० साली 'पीपली लाइव्ह' ह्या हिंदी चित्रपटातून ते देशभर गेले. चित्रपटाच्या दिग्दर्शिका अनुषा रिझवी, व निर्माते आमीर खान आणि किरण राव. कर्जापायी जमीन गमावण्याची पाळी आलेल्या नत्था नामक शेतकऱ्याची ती कथा. नत्थाचे काम करणारे ओंकारदास माणिकपुरी हे हबीब तन्वीर यांच्या 'नया थिएटर' ह्या नाटकमंडळीत घडलेले नट. चित्रीकरण रायसेन जिल्ह्यातील बडवई ह्या खेड्यात झाले, आणि हे गाणेही त्याच मातीतले. गावातील शिक्षक गयाप्रसाद प्रजापती आणि त्यांची गाणारी मंडळी यांच्याकडून ते चित्रपटात आले. रघुवीर यादव या कसलेल्या नटाने मंडळींत बसून ते गायिले. पेटी, ढोलक, झांजा, एकाने सांगावे व इतरांनी उचलावे, असा त्याचा थाट. आपल्याकडील भजनी मंडळ ज्याने ऐकले आहे त्याला हा थाट परका वाटणार नाही.

गाण्यातील तक्रार एका गृहिणीची आहे. धनी कमावतो पुष्कळ, परंतु महागाई नावाची डाकीण घरात शिरून सारे खाऊन टाकते. पेट्रोल, डिझेल, साखर, भात, सोयाबीन, मका अशी एकेका जिनसाची नावे त्यात येतात. ही यादी नीट पाहावी. पेट्रोल, डिझेल व साखर शेतकऱ्याला विकत घ्यावी लागते. सोयाबीन आणि मका तो पिकवितो. जे घ्यायचे ते महाग आणि जे विकायचे त्याची दशा वाईट, अशा दोन जात्यांच्या मध्ये तो भरडला जातो. अर्थशास्त्राचे जाडे ग्रंथ जे पन्नास पानांत सांगतील, ते खेड्यातल्या मंडळींनी ढोलकाच्या ठेक्यावर सांगून टाकले.

आणि त्यास वेळही अचूक साधली. २५ जून २०१० रोजी केंद्र सरकारने पेट्रोलच्या दरावरील नियंत्रण उठविले. त्याच दिवशी डिझेल, रॉकेल व स्वयंपाकाच्या गॅसचे भावही चढले. गॅसची टाकी एकदम ३५ रुपयांनी महागली. ५ जुलै रोजी विरोधी पक्षांनी भारत बंद पाळला. चित्रपट पडद्यावर आला १३ ऑगस्टला. पण गाणे त्याआधीच घराघरांत पोहोचले होते. ते दूरचित्रवाणीवर वाजले, चहाच्या टपरीवर वाजले आणि निदर्शनांतही वाजले. पुढे २०१४ साली सत्तापालट झाला, तेव्हा कालच्या सत्ताधाऱ्यांनी हीच डाकीण नव्या सरकारच्या दारात नेऊन उभी केली. पक्ष बदलले, डाकीण मात्र तीच राहिली.

सर्वांनीच ह्या कृतीचे कौतुक केले असे नव्हे. अमेरिकेतील सनडान्स महोत्सवाच्या स्पर्धेत चित्रपटाची निवड झाली, ऑस्कर पारितोषिकासाठी भारताने तोच पाठविला. परंतु आपल्या विदर्भातील शेतकऱ्यांच्या एका संघटनेने त्याचा निषेध केला. आत्महत्येसारख्या दुःखाची थट्टा झाली, असे तिचे म्हणणे होते. ज्यांच्या अंगणातून प्रेत उठले आहे, त्यांना पडद्यावरील विनोद बोचला तर त्यांना दोष कोण देईल?

दुसरा प्रश्न मोबदल्याचा. गाणे गाजू लागताच, मूळ मंडळींच्या हाती आरंभी अगदी किरकोळ रक्कम पडली, असा बोभाटा वृत्तपत्रांतून झाला. पुढे निर्मात्यांकडून मंडळींना मोठी रक्कम मिळाल्याचेही वृत्त आले. त्या व्यवहाराचा निवाडा करणे आमचे काम नव्हे. परंतु एक गोष्ट स्पष्ट आहे. खेड्यातील मनुष्य गाणे विकावयाचे म्हणून रचीत नाही. ते रात्री जमलेल्या चार शेजाऱ्यांसाठी असते. त्यामुळे त्याची किंमत काय, हे त्याला ठाऊक नसते. आणि ज्याला ठाऊक असते, त्याच्यावर जबाबदारी अधिक येते. कामकऱ्याला त्याची मजुरी मिळालीच पाहिजे. गाणारा हादेखील कामकरीच आहे.

त्या सायंकाळी आम्ही त्या बाईंना विचारले, "हे गाणे सिनेमात ऐकले काय?"

त्या हसून म्हणाल्या, "फादरजी, सिनेमात सगळ्यांनीच ऐकले. ह्या बंगल्यांतल्या लग्नांतही वाजते, साहेबलोक नाचतात. पण आमच्याकडचे गाणे आहे, हे किती जणांना माहीत?" आणि खडे बाजूला सारून त्या पुन्हा तांदूळ निवडू लागल्या.

ज्या वसाहतीत राज्याचा कारभार पाहणारे राहतात, तेथे महागाईची तक्रार नाचावयास वापरली जाते, हे ऐकून आम्हांस क्षणभर खिन्नता वाटली. पण मग आमच्याच गावाकडे आमची दृष्टी वळली. आपल्याकडे लग्नाच्या मांडवात गाणी म्हणणाऱ्या वृद्ध स्त्रिया अजून आहेत. हळदीची गाणी, वऱ्हाडाची थट्टा करणारी गाणी, लेकीला निरोप देणारी गाणी त्यांना मुखोद्गत आहेत. आपली मुले ती मोबाइलवर टिपून घेतात आणि दूरदेशीच्या नातलगांना धाडतात. ही चांगलीच गोष्ट आहे. मात्र टिपताना त्या आजीबाईंना आधी विचारले काय? गाण्याबरोबर तिचे नाव, तिच्या गावाचे नाव लिहिले काय? आणि त्यातून कोणास चार पैसे मिळाले, तर तिच्या पदरात काही पडले काय?

तेव्हा येत्या लग्नसराईत प्रत्येक घराने एवढे करावे. मांडवातील एका आजीबाईंजवळ बसावे, एक गाणे त्यांच्या तोंडून पूर्ण उतरवून घ्यावे आणि वहीत गाण्याच्या आधी त्यांचे नाव लिहावे.