तळटीपांतले महाभारत

भर सभेत द्रौपदीने कृष्णाचा धावा केला आणि त्याने तिला वस्त्रे पुरवली, हे कीर्तनात ऐकतच आपल्याकडच्या पिढ्या वाढल्या. पुण्यात छापलेल्या महाभारताच्या मूळ संहितेत मात्र हा धावा नाही. वस्त्रामागून वस्त्र निघत राहते, पण तिने कृष्णाला हाक मारल्याचे श्लोक तिथे सापडत नाहीत. व्यासांनी सांगितले आणि गणपतीने लिहून घेतले, ती गोष्टही नाही. स्वयंवरात ‘सूतपुत्राला वरणार नाही’ असे द्रौपदी कर्णाला सुनावते, तेही नाही. आणि त्या एका वाक्यावर मराठीत कर्णाबद्दल किती हळहळून लिहिले गेले आहे!

नाही म्हणजे फेकून दिलेले मात्र नाही. यातला शब्दन्‌शब्द त्याच ग्रंथात आहे, कुठे पानाच्या तळाशी बारीक टाइपात, तर कुठे मागच्या परिशिष्टात. भांडारकर प्राच्यविद्या संशोधन मंदिराने केलेल्या या चिकित्सित आवृत्तीबद्दल बोलताना लोक बहुधा ‘काय गाळले’ एवढेच विचारतात. मला तिचे खरे मोल वाटते ते गाळलेले कसे जपले यात.

या कामाची सुरुवात ग्रंथालयापासून होते. 1866 नंतरच्या वर्षांत मुंबई सरकारने जुन्या पोथ्या विकत घेण्याची मोहीम हाती घेतली. ब्यूलर, कीलहॉर्न, पीटरसन आणि रामकृष्ण गोपाळ भांडारकर यांच्यासारखे अभ्यासक गावोगावच्या शास्त्र्यांकडे, जैन भांडारांत पोथ्या शोधत हिंडले. 1875 साली ब्यूलर काश्मीरला गेले आणि तिथून शारदा लिपीतल्या भूर्जपत्रावरच्या पोथ्या घेऊन आले. हा सरकारी संग्रह बरीच वर्षे डेक्कन कॉलेजात होता. भांडारकरांच्या ऐंशीव्या वाढदिवशी, 6 जुलै 1917 रोजी, त्यांच्या नावाने संस्था उभी राहिली. भांडारकरांनी स्वतःचा ग्रंथसंग्रह तिला दिला आणि पुढच्याच वर्षी सरकारी पोथ्याही तिच्याकडे आल्या. आज तिथे 28,000च्या आसपास हस्तलिखिते आहेत. त्यांतल्या ऋग्वेदाच्या 30 पोथ्यांची नोंद युनेस्कोने 2007 साली जागतिक स्मृतिपटात केली.

महाभारताच्या शास्त्रशुद्ध आवृत्तीची कल्पना मूळची युरोपातली. विंटरनिट्झ यांनी 1897 साली पॅरिसच्या परिषदेत ती मांडली. बर्लिनच्या ल्यूडर्स यांनी नमुन्यादाखल काही पानेही तयार केली, पण पहिल्या महायुद्धात सगळेच अडले. 1919 साली पुण्याने हे ओझे उचलले. औंधचे राजे बाळासाहेब पंतप्रतिनिधी यांनी लाख रुपये देऊ केले. ते स्वतः चित्रकार असल्यामुळे ग्रंथातली चित्रेही त्यांचीच! निजामानेही पैसे दिले. संस्थेच्या आवारातल्या अतिथिगृहाला त्याचे नाव आहे.

1925 साली विष्णु सीताराम सुकथनकर प्रमुख संपादक झाले. केंब्रिजला गणित शिकलेला आणि मग बर्लिनला याच ल्यूडर्सच्या हाताखाली भाषाशास्त्रात तयार झालेला हा माणूस. कामाची रीत पाहिली की त्यांच्यातला गणिती लपत नाही. एका श्लोकाला एक मोठा कागद. त्यावर उभ्या रेघा आखून चौकोन पाडायचे आणि वरच्या ओळीत श्लोकाचे एकेक अक्षर एकेका चौकोनात लिहायचे. खाली प्रत्येक पोथीसाठी एक आडवी ओळ. अक्षर जुळले तर चौकोन कोरा ठेवायचा, वेगळे निघाले तरच लिहायचे. देवनागरी, शारदा, नेवारी, मैथिली, बंगाली, तेलुगू, ग्रंथ, मल्याळम अशा लिप्यांतल्या पोथ्या याच जाळ्यातून गेल्या. सगळ्या पोथ्या काही पुण्यात येणार नव्हत्या, म्हणून शांतिनिकेतनात आणि तंजावरातही वाचक बसवले.

मग निवड. बहुमताने प्रश्न सुटत नाही, कारण शंभर पोथ्या एकाच चुकीच्या पोथीवरून उतरवलेल्या असू शकतात. सुकथनकरांचा भर पोथ्यांच्या वंशावळीवर होता. काश्मीर आणि केरळ यांच्यातले अंतर मोठे. म्हणून तिथल्या पोथ्यांत तोच पाठ आला, तर तो जुना असण्याचा संभव अधिक. आदिपर्वासाठी त्यांनी सुमारे 60 पोथ्या ताडून पाहिल्या, आणि त्यांत त्यांचा सर्वांत मोठा आधार ठरली ती ब्यूलरच्या काश्मीर मोहिमेतली भूर्जपत्राची पोथी. गोळा करणाऱ्याला याची कल्पनाही नसेल. जिथे खात्री नाही, तिथे संहितेतल्या शब्दाखाली नागमोडी रेघ ओढली. छापील ग्रंथात संपादकाने आपली शंका अशी उघड दाखवावी, याचे मला अजून नवल वाटते.

आदिपर्वाचा पूर्ण खंड 1933 साली निघाला. काही ठिकाणी सुकथनकरांनी कुठल्याच पोथीत नसलेला पाठ निव्वळ तर्काने सुचवला होता. त्यानंतर नेपाळचे राजगुरू हेमराज यांच्याकडून आदिपर्वाची एक फार जुनी पोथी हाती आली आणि त्यांतले काही तर्क तिच्यात जसेच्या तसे निघाले. पाठचिकित्सेत असा पडताळा क्वचितच मिळतो.

आक्षेपही आले आणि ते किरकोळ नव्हते. फ्रेंच पंडित सिल्व्हाँ लेव्ही यांचे म्हणणे असे की, नीलकंठाची प्रचलित संहिताच छापावी आणि पाठभेद खाली द्यावेत. हा नीलकंठ चतुर्धर मूळचा आपल्या गोदाकाठच्या कोपरगावचा. सतराव्या शतकात काशीत राहून त्याने टीका लिहिली. त्याची संहिता लोकांनी खरोखर वाचली, ऐकली. पुण्याची संहिता या स्वरूपात कुणी कधी म्हटली असेल, असे सांगता येत नाही. आक्षेपात तथ्य आहे. पण लेव्हींना हवे असलेले जवळपास सगळे तळटीपांत मिळते, उलटे मात्र झाले नसते.

सुकथनकर 21 जानेवारी 1943 रोजी गेले. मुंबईत महाभारताच्या अर्थावर त्यांची व्याख्यानमाला चालू होती. चौथे व्याख्यान राहून गेले. पुढे बेलवलकर आणि मग प. ल. वैद्य यांनी धुरा सांभाळली. एजर्टन, रघुवीर, सुशीलकुमार डे, रा. ना. दांडेकर, ह. दा. वेलणकर अशांनी वेगवेगळी पर्वे संपादली. 22 सप्टेंबर 1966 रोजी राष्ट्रपती राधाकृष्णन यांच्या हस्ते पूर्ततेचा समारंभ झाला. 19 खंड, त्यांसाठी पाहिलेल्या 1,259 पोथ्या. लाख श्लोकांचे म्हणवणारे महाभारत पाऊण लाखाच्या आसपास स्थिरावले. हरिवंश त्यानंतर आला.

लगोलग इरावती कर्वे यांचे ‘युगान्त’ आले. चिकित्सित आवृत्ती हाताशी असल्याशिवाय ते पुस्तक तसे झाले नसते. देवत्वाची पुटे कमी झालेली माणसे त्यांना या संहितेत भेटली.

5 जानेवारी 2004 रोजी शिवाजी महाराजांवरच्या एका परदेशी पुस्तकाच्या वादातून जमावाने संस्थेत घुसून कपाटे फोडली, ग्रंथ आणि पोथ्या भिरकावल्या. पोथ्यांची पाने पुन्हा लावण्यात अनेकांचे हात गुंतले.  ही आवृत्ती मात्र वापरात राहिली. आज परदेशातले अनुवादकही तिच्यातल्या पर्व-अध्यायांच्या आकड्यांनी श्लोक शोधतात. म. अ. मेहेंदळे यांनी या संहितेवरून महाभारताची सांस्कृतिक सूची रचायला घेतली: कोणता प्राणी, कोणते शस्त्र, कोणती नदी कुठल्या श्लोकात आली, याची. तिच्यातून कुठलाही श्लोक गाठला, की पानाच्या तळाशी एकदा नजर टाकावी लागतेच.