न दिसणारी फिट (लेखमाला : मेंदूचे आजार)

गेल्या आठवड्यात हातपाय झाडणाऱ्या, तोंडाला फेस आणणाऱ्या फिटबद्दल लिहिलं होतं. ती आली की घरादाराला कळते. आजची फिट मात्र रुग्णाच्या आईलाही कित्येक वर्षं कळत नाही.

पोळ्या लाटताना मुलगी मध्येच थांबते. नजर एका जागी खिळते. ओठ चाटते, काही चघळल्यासारखं तोंड हलवते, बोटं ओढणीशी चाळा करत राहतात. हाक मारली तर ओ नाही. मिनिट-दीड मिनिटात ती भानावर येते, पण थोडा वेळ गोंधळलेलीच असते आणि काय झालं ते तिला आठवत नाही. इंदूरच्या मराठी घरांतून याला 'तंद्री लागते' म्हणतात. 'दौरा तो नहीं पड़ता?' असं शेजारच्या भाभींनी विचारलं तर घरचे ठामपणे नाही म्हणतात, कारण ती कधी पडलेली नसते. मग लक्ष नसतं म्हणून शाळेत बोलणी बसतात, नाहीतर कुणी उतारा सुचवतं.

ही टेम्पोरल लोबची मिरगी. मोठ्या माणसांत मेंदूच्या एका भागातून उठणाऱ्या मिरगीचा हाच सर्वांत जास्त आढळणारा प्रकार आहे. टेम्पोरल लोब म्हणजे कानशिलाच्या आतला मेंदूचा भाग. त्याच्या आतल्या बाजूला हिप्पोकॅम्पस असतो, नव्या आठवणी पक्क्या करणारा. बऱ्याच रुग्णांत तो आक्रसलेला, वण पडलेला आढळतो. त्यांतल्या काहींना लहानपणी तापात लांबलेली फिट येऊन गेलेली असते. फिटच्या आधी कित्येकांना पोटातून काहीतरी वर चढल्यासारखं वाटतं, विनाकारण भीती दाटते, किंवा समोरचं सगळं पूर्वी घडून गेलंय असं वाटतं. ह्यूलिंग्ज जॅक्सन या इंग्रज डॉक्टरांनी एकोणिसाव्या शतकात या स्वप्नासारख्या अवस्थेची नोंद केली. रुग्ण ती कुणाला सांगत नाहीत. वेडं ठरवतील अशी भीती असते.

फिट लहान दिसते म्हणून आजार लहान नव्हे. वर्षानुवर्षं ती येत राहिली तर स्मरणशक्ती उतरू लागते. डाव्या बाजूचा आजार असेल तर बहुधा नावं, शब्द, वाचलेला मजकूर निसटतो. उदासी आणि चिंता या रुग्णांत बरीच जास्त आढळते. ती केवळ परिस्थितीमुळे येत नाही, कारण भावना सांभाळणारी मेंदूतली जाळी त्याच भागात आहेत. त्यामुळे उदासीवरही उपचार मागून घ्यावा, तो अपराध नाही. गॅसपाशी भान हरपलं तर भाजतं. आणि फिट आटोक्यात नसलेल्यांत झोपेत अचानक मृत्यूचा धोकाही असतो, हे डॉक्टरांनी घरच्यांना स्पष्ट सांगायला हवं असं मला मनापासून वाटतं.

लग्नाच्या वेळी आजार लपवला जातो आणि सासरी गोळ्या चोरून घ्याव्या लागतात किंवा बंद पडतात. एके काळी कायद्यानंही वेडं ठरवले जाण्याच्या भीतीला दुजोरा दिला होता. १९७६ च्या दुरुस्तीनं हिंदू विवाह कायद्यात मिरगीचे वारंवार झटके वेडाच्या पंक्तीला बसवले गेले. ते शब्द १९९९ साली काढून टाकले. आपल्या बैठकीच्या खोल्यांतून ते अजून गेलेले नाहीत.

औषधांनी बऱ्याच जणांना आराम पडतो. कार्बामाझेपिन, लेव्हेटिरासिटाम, लॅमोट्रिजिन ही नावं अनेक घरांत ओळखीची आहेत. पण २००० साली ग्लासगोच्या डॉक्टरांनी प्रसिद्ध केलेले आकडे लक्षात ठेवण्यासारखे आहेत. आधी उपचार न झालेल्या ४७० रुग्णांपैकी ४७ टक्क्यांच्या फिट पहिल्या औषधानं थांबल्या, दुसऱ्यानं आणखी १३ टक्क्यांच्या आणि तिसऱ्या एकट्या औषधानं जेमतेम १ टक्क्याच्या. म्हणूनच योग्य निवडलेली, पुऱ्या डोसची दोन औषधं देऊनही फिट थांबल्या नाहीत, तर आजार औषधाला न जुमानणारा मानतात. मधल्या काळात गोळी चुकली नव्हती ना, उपासाच्या दिवशी सोडली नव्हती ना, रात्रीची जागरणं झाली नव्हती ना, हे आधी पाहायचं.

इथूनच आपल्याकडे वेळ वाया जातो. गोळ्या बदलत राहतात, वर्षं सरतात आणि शस्त्रक्रियेचं नाव कुणी काढत नाही. कॅनडात ८० रुग्णांवर झालेला अभ्यास २००१ साली प्रसिद्ध झाला. निम्म्यांची टेम्पोरल लोबची शस्त्रक्रिया ठरवली, निम्म्यांना औषधंच चालू ठेवली. वर्षअखेर भान हरपणाऱ्या फिट शस्त्रक्रियेच्या गटात ५८ टक्के लोकांच्या थांबल्या होत्या, औषधांच्या गटात ८ टक्के लोकांच्या. दिल्लीच्या एम्समध्ये वेगवेगळ्या प्रकारची, औषधाला दाद न देणारी मिरगी असलेल्या ११६ मुलांवर असाच अभ्यास झाला. २०१७ साली आलेले त्याचे आकडे ७७ आणि ७ टक्के.

डोकं उघडण्याची भीती मी समजू शकतो. १९५३ साली अमेरिकेत हेन्री मोलेसन या तरुणाच्या दोन्ही बाजूंचे हिप्पोकॅम्पस काढले आणि त्याला नव्या आठवणी साठवणं कायमचं अशक्य झालं. त्या धड्यामुळेच आज एकाच बाजूला हात लावतात, तोही एमआरआय, व्हिडिओ ईईजी आणि स्मरणशक्तीच्या चाचण्या एकाच जागेकडे बोट दाखवत असतील तेव्हा. तरीही शब्द आठवायला त्रास होणं, नजरेचा वरचा कोपरा जाणं असे धोके उरतात, आणि गोळ्या लगेच बंद होत नाहीत.

तिरुवनंतपुरमच्या श्री चित्रा तिरुनाल संस्थेत १९९५ पासून या शस्त्रक्रिया होत आहेत. आपली अहिल्यानगरी एक्सप्रेस आठवड्यातून एकदा इंदूरहून थेट त्याच शहरात जाते. पण सुरुवात इथेच, न्यूरॉलॉजिस्टकडे करायची. फिटचा मोबाइलवर व्हिडिओ काढा, तारखा वहीत लिहा. साधा ईईजी नॉर्मल आला म्हणून आजार नाही असं होत नाही. एमआरआय मिरगीसाठीच्या खास पद्धतीनं झाला का, हिप्पोकॅम्पस नीट पाहिला का, हे विचारा. फिट चालू असताना हात दाबून धरू नका, कांदा-चप्पल हुंगवू नका, शांतपणे गॅसपासून बाजूला घ्या. पाच मिनिटं उलटली तर दवाखाना गाठा. आणि काहीही झालं तरी गोळी मनानं बंद करू नका.

पुढच्या आठवड्यात : गरोदरपण आणि फिटची औषधं.