गुराख्याची बासरी बैठकीत आली

डिसेंबरात मखदूमबाबांच्या दर्ग्यापाशी माहीमची जत्रा भरते. काठीला बासऱ्या खोचून फिरणारा विक्रेता तीत ठरलेलाच. तो वाजवतो तेव्हा सिनेमातले गाणे हुबेहूब निघते. आपण तीच बासरी विकत घेऊन घरी यावे, तर नुसती फुंकर! लहानपणी या फजितीतून न गेलेला माहीमकर मला तरी भेटलेला नाही.

एके काळी गवयांच्या लेखीही बासरीची किंमत याहून फार मोठी नव्हती. कृष्णाच्या ओठी शोभावी, गुराख्याने रानात वाजवावी, इतकेच. त्यांचे म्हणणे अगदीच खोटे नव्हते. वीतभर नळीचा आवाज बारीक आणि उंच. ख्याल मांडायचा तर खर्जात उतरावे लागते, आणि ही तिथवर पोहोचतच नसे. बासरीचे हे दुखणे ज्याने काढले तो गृहस्थ मुंबईच्या सिनेमात पोट भरीत होता. त्यांचे नाव पन्नालाल घोष.

जन्म 1911 सालचा, पूर्व बंगालातल्या बारिसालचा. वडील सतार वाजवीत. मुलाला बासरीइतकाच बॉक्सिंगचा नाद! कलकत्त्यास न्यू थिएटर्समध्ये काम केले, खुशी महंमद या नामांकित पेटीवादकाकडे शिक्षण घेतले, आणि 1940 साली मुंबई गाठली. माहीमहून लोकलने पुढे गेले की मालाड लागते. तिथे तेव्हा बॉम्बे टॉकीजचा दबदबा होता. त्या कंपनीच्या 1942 च्या ‘बसंत’चे संगीत पन्नालालजींच्या नावावर आहे. पुढे मधुबाला झालेली चिमुरडी मुमताज पडद्यावर प्रथम दिसली ती याच चित्रात.

पण खरा ध्यास वेगळाच. धातूच्या नळ्या करून पाहिल्या, लाकडाच्या पाहिल्या, शेवटी बांबूच बरा ठरला. मात्र लांबी सुमारे 32 इंच! नळी लांबली तसा आवाज खाली उतरला, भरदार झाला. पण भोकेही एकमेकांपासून दूर गेली. बोटांची टोके पुरेनात. ती आडवी पसरून पेऱ्यांनी भोके झाकावी लागत. तीव्र मध्यमासाठी त्यांनी सातवे भोकही पाडले.

आपले वाद्य आपणच घडवणारे असे वादक परदेशातही झाले. डब्लिनचा लिओ राउसम कोपराखालच्या भात्याने हवा भरायची आयरिश पुंगी स्वतः बनवी, वाजवी आणि शिकवीही. परंतु त्याच्या घरात हे तीन पिढ्यांचे होते. पन्नालालजींना पुढची वाट दाखवणारी बासरीची घराणेदार परंपराच नव्हती.

म्हणूनच 1947 ची गोष्ट मला सर्वांत मोठी वाटते. वय छत्तीस, नाव झालेले, सिनेमात मागणी. अशा वेळी ते मैहरच्या अल्लाउद्दीन खाँसाहेबांपुढे शिष्य म्हणून जाऊन बसले. नाव झाल्यावर पुन्हा ‘सा’ लावायला बसणारे किती निघतील?

सिनेमाशी नाते मात्र तुटले नाही. 1956 च्या ‘बसंत बहार’मध्ये लताबाईंच्या गाण्याला साथ करणारी बासरी त्यांचीच आहे, गळा आणि बांबू यांत कोण कोणाला खुणावतो आहे तेच कळत नाही. त्याच साली आकाशवाणीच्या वाद्यवृंदाचे संचालक म्हणून ते दिल्लीस गेले. तिथेच 20 एप्रिल 1960 रोजी त्यांचे निधन झाले. पन्नाशीही पाहिली नाही!

त्यांची विद्या टिकली ती मुंबईतल्या शिष्यांच्या घरांतून. शिष्य देवेंद्र मुर्डेश्वर त्यांचे जावई झाले. निरंजन हळदीपूर त्यांच्याकडे शिकले, आणि निरंजनांचे चिरंजीव नित्यानंद हे आज जाणकारांना ठाऊक असलेले नाव आहे. पन्नालालजींनी काही नवे रागही बांधले. त्यांतल्या एकाचे नाव ‘दीपावली’.

मागच्या जत्रेत विक्रेत्याच्या काठीवर एक लांबलचक बासरी दिसली. हौसेने हातात घेतली. माझी बोटे काही शेवटच्या भोकापर्यंत पोहोचली नाहीत.