चौदाव्या जागेची गोष्ट

धानोऱ्याच्या गोंड तरुणाने पीएच.डी. संपादन केली, तरी प्राध्यापकपद मिळणे न मिळणे हे विद्वत्तेइतकेच मोजणीवर ठरते. एप्रिल २०१७ मध्ये अलाहाबाद उच्च न्यायालयाने आरक्षणासाठी विद्यापीठाऐवजी विभाग हा घटक मानला. केंद्राच्या बिंदुनामावलीत अनुसूचित जमातीची पाळी चौदावी. आणि चौदा अध्यापकांचे विभाग असतात तरी किती? सर्वोच्च न्यायालयानेही जानेवारी २०१९ मध्ये हाच निर्णय कायम राखला. लेखणीच्या एका फटकाऱ्याने हक्क कागदावर राहिला, जागा मात्र गेली! अखेर त्याच वर्षी संसदेने कायदा करून संपूर्ण संस्था हाच घटक ठरविला. महाराष्ट्राने २०२१ मध्ये स्वतंत्र कायदा केला. गडचिरोलीत २०११ मध्ये स्थापन झालेल्या गोंडवाना विद्यापीठाने प्रत्येक जाहिरातीसोबत आपली बिंदुनामावलीही प्रसिद्ध करावी, अशी आमची मागणी आहे.