टॅक्सॉल, पॅक्लिटॅक्सेल आणि कुपीवरचे तिसरे नाव

काही दिवसांपूर्वी शिक्षकांच्या एका उजळणी वर्गात रसायनशास्त्र शिकवणाऱ्या बाईंनी आमच्यापुढे एक कागद ठेवला. त्यांच्या नात्यातील एका स्त्रीवर स्तनाच्या कर्करोगाचे उपचार चालू होते. कागदावर डॉक्टरांनी ‘पॅक्लिटॅक्सेल’ असे लिहिले होते. बाईंच्या जुन्या पुस्तकात मात्र अशाच रोगावरच्या ‘टॅक्सॉल’ नावाच्या औषधाची माहिती होती आणि दुकानातून आणलेल्या कुपीवर मोठ्या अक्षरांत तिसरेच नाव होते. बाईंनी विचारले, “ही औषधे तीन आहेत की एकच?”

उत्तर असे की पदार्थ एकच आहे. मग त्याला तीन नावे का? हा प्रश्न वाटतो तितका किरकोळ नाही. वनस्पतीतील रसायनाला नाव कसे मिळते आणि ते नाव पुढे कोणाचे होते, हे त्यातून समजते.

साल, अर्क आणि अर्धा ग्रॅम

अमेरिकेच्या वायव्य भागातील जंगलांत पॅसिफिक यू नावाचा एक सूचिपर्णी वृक्ष वाढतो. त्याचे शास्त्रीय नाव टॅक्सस ब्रेव्हिफोलिया. तो मोठ्या झाडांच्या सावलीत अतिशय सावकाश वाढतो. लाकूडतोडे त्याला निरुपयोगी समजत आणि मोठी झाडे तोडून झाली की उरलेल्या कचऱ्याबरोबर त्यालाही जाळून टाकत. 1962 मध्ये आर्थर बार्कले या वनस्पतिशास्त्रज्ञाने वॉशिंग्टन राज्यात या झाडाचे नमुने गोळा केले. कर्करोगावर उपयोगी पडतील अशी रसायने शोधण्यासाठी अमेरिकेच्या राष्ट्रीय कर्करोग संस्थेने वनस्पती तपासण्याची मोहीमच हाती घेतली होती. हे काम त्याच मोहिमेचा भाग होते.

सालीचा अर्क कर्कपेशींना मारतो असे दिसल्यावर ती साल नॉर्थ कॅरोलायनातील रिसर्च ट्रँगल इन्स्टिट्यूटमध्ये मनरो वॉल आणि मनसुख वाणी यांच्याकडे आली. यांपैकी वाणी आपल्या नंदुरबारचे. त्यांचा जन्म 1925 चा. मुंबई विद्यापीठातून एम.एस्सी. होऊन ते पुढे अमेरिकेत गेले आणि 2020 मध्ये तिथेच त्यांचे निधन झाले.

अर्कात शेकडो पदार्थ मिसळलेले असतात. त्याचे भाग पाडायचे, प्रत्येक भाग कर्कपेशींवर तपासायचा, जो परिणामकारक असेल त्याचेच पुन्हा भाग पाडायचे, अशी ही चाळणी असते. शेवटी 12 किलो वाळलेल्या सालीतून सुमारे अर्धा ग्रॅम शुद्ध पदार्थ हाती आला. हे प्रमाण वर्गात मुलांकडून काढून घ्यावे. ते 0.004 टक्के येते.

रचना कळण्याआधीचे नाव

पदार्थ शुद्ध झाला, पण त्याच्या रेणूची रचना अजून कळलेली नव्हती. तरीही प्रयोगवहीत आणि पत्रव्यवहारात त्याला काहीतरी म्हणायला हवे होते. 1967 मध्ये वॉल यांनी त्याचे नाव ‘टॅक्सॉल’ ठेवले. ‘टॅक्स’ हा भाग झाडाच्या प्रजातीच्या नावातून, टॅक्ससमधून, आला. ‘ऑल’ हा शेवट अल्कोहोलचा. रेणूत हायड्रॉक्सिल गट असावेत एवढे तेव्हा दिसत होते. इथेनॉल आणि मेंथॉल या नावांतला ‘ऑल’ही हाच.

संपूर्ण रचना 1971 मध्ये प्रसिद्ध झाली. टॅक्सॉलचे क्ष-किरणांनी तपासण्याजोगे स्फटिक मिळेनात, म्हणून रेणूचे दोन तुकडे केले, त्यांच्यापासून स्फटिक देणारे पदार्थ बनवले आणि त्यांच्या रचनेवरून मूळ रेणू जुळवला. रेणूसूत्र निघाले C47H51NO14. त्यात खरोखरच तीन हायड्रॉक्सिल गट होते. अपुऱ्या माहितीवर ठेवलेले नाव योग्य ठरले.

या नावाचा शेवट किती महत्त्वाचा आहे हे दुसऱ्या एका पदार्थावरून कळेल. युरोपातील यू वृक्षाच्या पानांतून 1856 मध्येच ‘टॅक्सिन’ वेगळे काढले गेले होते. ते अल्कलॉइडांचे मिश्रण आहे. अल्कलॉइडाच्या नावाअखेरीस ‘इन’ लावण्याची रूढी आहे. मॉर्फिन, क्विनिन, निकोटिन ही नावे आपल्या ओळखीची आहेत. टॅक्सिन हे हृदयाचे जहाल विष आहे. म्हणजे टॅक्सॉल आणि टॅक्सिन यांची नावे एकाच झाडावरून आली, फरक फक्त शेवटाचा, आणि त्यातले एक औषध तर दुसरे विष. ‘झाड औषधी आहे’ एवढेच ऐकून त्याची पाने चघळणे किती घातक ठरेल, हे मुलांना या जोडीवरून नीट सांगता येते.

पेशीत काय होते?

पेशीविभाजनाच्या वेळी गुणसूत्रांना दोन टोकांकडे ओढणारे धागे म्हणजे सूक्ष्मनलिका. ट्यूब्युलिन नावाच्या प्रथिनाचे कण जोडले जाऊन त्या बनतात आणि काम झाले की सुट्या होतात. आपल्या अंगणातील सदाफुलीपासून मिळणारी व्हिन्क्रिस्टिन आणि व्हिन्ब्लास्टिन ही औषधे सूक्ष्मनलिका बनूच देत नाहीत. टॅक्सॉल याच्या नेमके उलट करते. ते नलिकांना इतके स्थिर करते की त्या सुट्याच होत नाहीत, विभाजन अडकून पडते आणि पेशी मरते. हे सुझन हॉरविट्झ यांनी 1979 मध्ये दाखवले. कर्करोगाच्या औषधाची ही रीत तोवर अपरिचित होती, त्यामुळे टॅक्सॉलकडे लक्ष वेधले गेले.

नाव हातचे गेले

आता कथेला वळण मिळते. औषध बाजारात आणण्यासाठी राष्ट्रीय कर्करोग संस्थेने 1991 मध्ये ब्रिस्टल-मायर्स स्क्विब या कंपनीशी करार केला. 1992 च्या डिसेंबरात अंडाशयाच्या कर्करोगासाठी औषधाला परवानगी मिळाली. त्याच वर्षी ‘टॅक्सॉल’ हे त्या कंपनीचे नोंदणीकृत व्यापारचिन्ह झाले आणि मूळ रसायनासाठी ‘पॅक्लिटॅक्सेल’ असे नवे नाव ठरवण्यात आले.

तोवर वीस वर्षांहून अधिक काळ ‘टॅक्सॉल’ हा शब्द शेकडो शोधनिबंधांत रसायनाचे नाव म्हणूनच छापला जात होता. तो आता एका कंपनीच्या मालाचे नाव झाला. अनेक रसायनशास्त्रज्ञांनी नाराजी व्यक्त केली आणि कित्येकांनी जुने नावच वापरणे चालू ठेवले. इंग्रजीत निदान पहिले अक्षर मोठे की लहान यावरून व्यापारी नाव ओळखता येते. देवनागरीत तीही सोय नाही.

पण नव्या नावाचा फायदाही ध्यानात घ्यावा. औषधांना कोणाच्याही मालकीची नसलेली नावे देण्याची जागतिक आरोग्य संघटनेची पद्धत 1953 पासून चालू आहे. तिच्यात एका कुळातील औषधांच्या नावांना सामाईक अंश असतो. ‘टॅक्सेल’ पाहिले की डॉसेटॅक्सेल हे याच कुळातले, हे लगेच कळते. कंपनी कोणतीही असो, हे नाव तेच राहते. भारतात औषधाच्या वेष्टनावर ते छापणे कायद्याने बंधनकारक आहे. बाईंच्या कुपीवरही ते होतेच. व्यापारी नावाच्या आसपास त्यांनी ते शोधले नव्हते, एवढेच.

रुग्णाच्या घरच्यांना हे नाव माहीत असेल तर दोन कंपन्यांच्या किमतींची तुलना करता येते आणि एकच औषध दोन नावांनी दोनदा दिले जाण्याचा धोका टळतो. मात्र औषध ज्या द्रवात किंवा प्रथिनात मिसळलेले असते ते वेगवेगळे असू शकते आणि त्यानुसार मात्राही बदलते. म्हणून अदलाबदल डॉक्टरांना विचारूनच करावी.

सह्याद्रीतला नरक्या

नावाबद्दल आणखी एक गोष्ट सांगायला हवी. वॉल आणि वाणी यांनीच 1966 मध्ये कॅम्प्टोथेका नावाच्या चिनी वृक्षातून ‘कॅम्प्टोथेसिन’ शोधले होते. पुढे 1972 मध्ये टी. आर. गोविंदाचारी आणि एन. विश्वनाथन यांना तेच रसायन मॅपिया फिटिडा या वनस्पतीत सापडले. त्यांचे संशोधन केंद्र मुंबईत गोरेगावला होते. ही वनस्पती म्हणजे आपल्या सह्याद्रीत वाढणारा नरक्या. झाड दुसरे, देश दुसरा, पण रेणू तोच, म्हणून नावही तेच राहिले. रसायनाचे नाव ते आधी कुठे सापडले एवढे सांगते. ते फक्त तिथेच मिळते असे सांगत नाही.

वनस्पतींची नावे बदलतात, रसायनांची सहसा बदलत नाहीत. मॅपिया फिटिडा आता नोथापोडायटिस निम्मोनियाना झाली आहे. सदाफुलीची प्रजाती पूर्वी व्हिन्का होती, ती आता कॅथरँथस आहे. व्हिन्क्रिस्टिनमध्ये मात्र जुनी व्हिन्का तशीच राहिली आहे.

नाव प्रसिद्ध झाले की झाडावर संकट येते, हेही दोन्हीकडे दिसले. साल काढली की पॅसिफिक यू मरतो. हिमालयातल्या यूची, म्हणजे थुनेरची, इतकी तोड झाली की 1995 पासून त्याच्या आंतरराष्ट्रीय व्यापारावर निर्बंध आले. नरक्याचीही बेसुमार तोड झाली. पॅक्लिटॅक्सेलच्या बाबतीत रसायनशास्त्राने मार्ग काढला. युरोपीय यूच्या पानांतील एका जवळच्या रेणूपासून ते बनवता येऊ लागले. पाने खुडली तरी झाड जगते. पुढे वनस्पतीच्या पेशी टाकीत वाढवूनही ते मिळू लागले.

वर्गात करून पाहण्यासाठी

विद्यार्थ्यांना घरातील औषधांची रिकामी वेष्टने आणायला सांगावे. प्रत्येकावरचे व्यापारी नाव आणि मूळ नाव वहीत दोन रकान्यांत लिहावे. मग मूळ नावांचे शेवट पाहावेत. ‘सिलिन’, ‘प्राझोल’, ‘स्टॅटिन’ असे गट आपोआप पडतील. प्रत्येक गट कशासाठी वापरतात हे मुले घरी विचारून येतील. एकाच मूळ नावापुढे किती व्यापारी नावे आली तेही मोजावे.

उजळणी वर्गात आम्ही हेच केले. बाईंनी कुपीचे वेष्टन पुन्हा हातात घेतले, चष्मा वर केला आणि ‘पॅक्लिटॅक्सेल’ हा शब्द शोधून काढला. मग फळ्यावर तिन्ही नावे एकाखाली एक लिहिली, त्यांना एकच कंस घातला आणि त्यापुढे रेणूसूत्र लिहिले.